गोष्ट यवतमाळची, नटी कुठली?

यवतमाळ जिल्ह्यातून आलेली पाच पत्रं या खेपेला एकत्र घेतली आहेत. पाचही जणांचं कुतूहल एकाच गोष्टीबद्दल आहे: आपल्याकडच्या बाईची कहाणी रंगमंचावर गेली, पडद्यावर गेली, ती साकारणाऱ्या बाया कोण, आणि पुढं त्यांचं होतं काय? पत्रलेखकांची नावं न देता गावं तेवढी दिली आहेत.

प्रश्न: यवतमाळच्या साहित्य संमेलनाचं उद्घाटन करणाऱ्या वैशाली येडे या नटी आहेत, असं आमचा एक मित्र पैजेवर सांगतो. मी म्हणतो, त्या शेतकऱ्याघरच्या बाई. पैज कोणी जिंकली? (आर्णी)

उत्तर: बरोबरीत सुटली. चहाचे पैसे अर्धे अर्धे द्या.

वैशाली सुधाकर येडे कळंब तालुक्यातल्या राजूरच्या. २०११ मध्ये त्यांच्या शेतकरी पतीनं आत्महत्या केली. त्यानंतर अंगणवाडीत काम करत त्यांनी घर सावरलं. आणि ‘तेरवं’ नावाच्या नाटकात त्यांनी भूमिकाही केली. म्हणजे तुम्ही दोघंही खरं बोलता.

९२वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन ११ ते १३ जानेवारी २०१९ या काळात यवतमाळला भरलं. अध्यक्ष होत्या अरुणा ढेरे. याआधी यवतमाळला संमेलन झालं होतं ते १९७३ मध्ये, ग. दि. माडगूळकरांच्या अध्यक्षतेखाली. ४६ वर्षांनी आलेला हा मान गाजला मात्र भलत्याच कारणानं. उद्घाटनासाठी इंग्रजी लेखिका नयनतारा सहगल यांना बोलावलं होतं, आणि ऐनवेळी ते निमंत्रण मागं घेतलं गेलं. महाराष्ट्रभर गदारोळ झाला, कित्येक लेखकांनी संमेलनाकडं पाठ फिरवली, साहित्य महामंडळाचे अध्यक्ष श्रीपाद जोशी यांनी राजीनामा दिला. उद्घाटकाच्या रिकाम्या जागी वैशालीताईंचं नाव पुढं आलं.

अडचणीच्या वेळी दिल्लीची नाही, गल्लीतलीच बाई कामी येते, अशा अर्थाचा टोला त्यांनी भाषणात हाणला आणि मांडवातले लोक सावरून बसले. एवढ्या मोठ्या सभेपुढं वाक्य कुठं तोडायचं, हशा ओसरेपर्यंत किती थांबायचं, हे पहिल्या झटक्यात कुणाला जमत नाही. त्याआधी प्रेक्षक बघितलेले असावे लागतात. वैशालीताईंनी ते ‘तेरवं’च्या प्रयोगांत बघितले होते. त्याच वर्षी प्रहार जनशक्ती पक्षातर्फे त्यांनी यवतमाळ-वाशीममधून लोकसभेची निवडणूकही लढवली. तिथं निवडून आल्या शिवसेनेच्या भावना गवळी. मतपेटीचा निकाल काहीही लागो, राजूरच्या बाईला भरल्या सभेत बोलतं करणारी पहिली जागा नाटकाची होती.

प्रश्न: ‘तेरवं’मध्ये म्हणे खऱ्या विधवा बायाच काम करतात. ज्यांनी कधी तोंडाला रंग लावला नाही, त्यांना अभिनय कसा येतो? की तो अभिनय नसतोच, नुसतं रडणं असतं? (दिग्रस)

उत्तर: प्रश्न थोडा कडवट आहे, पण रास्त आहे.

‘तेरवं’ लिहिलं नागपूरचे पत्रकार-लेखक श्याम पेठकर यांनी आणि बसवलं वर्ध्याचे हरीश इथापे यांनी. वर्ध्याची ‘अध्ययन भारती’ ही संस्था त्यामागं आहे. इथापे अशा कामाला ‘अॅग्रो थिएटर’ म्हणतात: शेतीचं दुःख ज्यांच्या घरात घडलं, त्यांनीच ते मांडायचं. कर्ता माणूस गेल्यावर मागं उरलेल्या बाईचं काय, कर्ज कुणाच्या नावावर, सातबारा कुणाच्या, सासरी तिची जागा कुठली, दीर-भासरे काय म्हणतात, असा तो सगळा मामला. पुढं, २०२४ मध्ये, याच लेखक-दिग्दर्शकांनी याच विषयावर सिनेमाही केला.

आता तुमचा प्रश्न. स्वतःचं दुःख स्वतःच मांडायचं म्हणजे सोपं, असं बघणाऱ्याला वाटतं. तालमीत उलटा अनुभव येतो. खरं रडू वेळापत्रक पाळत नाही. ते पहिल्या तालमीला येतं, दुसऱ्या तालमीला शब्दच गिळून टाकतं, आणि पाचव्या तालमीला येतच नाही. प्रयोगाला मात्र त्याच वाक्यावर, त्याच जागी, शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं बोलावं लागतं. समोरची बाई चुकली तर तिला सावरून घ्यावं लागतं. पाठ प्रेक्षकांकडं होऊ द्यायची नसते. उजेडाच्या बाहेर जायचं नसतं. आपलंच दुःख हातभर लांब धरून बघता आल्याशिवाय यातलं काही जमत नाही, आणि ते जमलं की त्याला अभिनयच म्हणतात. नाट्यशाळेत तीन वर्षं घासून शिकवतात ते याहून फार वेगळं नसतं.

एक फायदा या बायांकडं असतो, आणि तो मोठा आहे. बोली त्यांची स्वतःची असते. डवरा, सरकी, पऱ्हाटी, उलंगवाडी हे शब्द त्यांना पाठ करावे लागत नाहीत. पुण्या-मुंबईच्या गुणी नटीलाही वऱ्हाडीचा हेल उचलायला महिना जातो, तरी एखादा ‘ळ’ किंवा एखादं ‘व्हय’ दगा देतंच.

तोटाही सांगायला हवा. अशा कलाकाराला एक भूमिका मिळते. दुसरी मिळत नाही. इटलीच्या व्हित्तोरिओ दे सिका यांनी १९४८ मध्ये ‘बायसिकल थीव्ज’ हा सिनेमा केला. सायकल चोरीला गेलेल्या गरीब बापाच्या भूमिकेत त्यांनी लाम्बेर्तो माज्जोरानी हा कारखान्यातला कामगार घेतला. सिनेमा जगभर गेला. माज्जोरानी कारखान्यात परतला, काही दिवसांनी तिथली नोकरी गेली, आणि सिनेमातही फारशी कामं मिळाली नाहीत. जगानं त्याचा चेहरा लक्षात ठेवला, पण त्यावर त्याचं पोट भरलं नाही. आपल्याकडं अकलूजच्या शाळकरी रिंकू राजगुरूला ‘सैराट’साठी राष्ट्रीय पुरस्कारात विशेष उल्लेख मिळाला आणि तिची पुढची वाट सुरू झाली, पण तो अपवाद. शिवाय ती शाळेत होती, पुढं सगळं आयुष्य होतं. दोन लेकरं आणि दोन एकर असलेल्या बाईला दुसऱ्या भूमिकेची वाट बघत मुंबईत खोली घेऊन राहता येत नाही.

प्रश्न: ‘गाभ्रीचा पाऊस’ आणि ‘कापूसकोंड्याची गोष्ट’ हे सिनेमे आपल्याकडच्या शेतकऱ्यांचे. त्यांतल्या बायकांची कामं कोणी केली? (वणी)

उत्तर: ‘गाभ्रीचा पाऊस’ २००९चा, दिग्दर्शक सतीश मनवर. हॉलंडमधल्या रॉटरडॅम महोत्सवात तो दाखवला गेला होता. विदर्भातला कापूसवाला शेतकरी किस्ना झालेत गिरीश कुलकर्णी, त्याची बायको अलका झाली आहे पुण्याची सोनाली कुलकर्णी, आणि आईच्या भूमिकेत ज्योती सुभाष. वीणा जामकरही त्यात आहे.

अलकाची भूमिका नटीच्या नजरेनं बघण्यासारखी आहे. शेजारच्या शेतकऱ्यानं जीव दिलाय. आपला नवराही तसं काही करील, या भीतीनं ती त्याच्यावर पाळत ठेवते. सासूला सांगते, लक्ष ठेवा. पोराला सांगते, बाप जाईल तिथं जा. आता तो माणूस शेतात निघाला की पोरगं मागं, आणि पोराला वाटतं हा खेळ. त्याच्या आवडीचं रांधते, हसून वाढते, आणि वाढता वाढता त्याचा चेहरा वाचते. मोठा आक्रोश करण्याची संधी सिनेमा तिला फार देत नाही. बहुतेक काम डोळ्यांनी आणि हातांनी करायचं. बघणारा हसतो आणि हसता हसता त्याच्या पोटात गोळा येतो, तो यामुळंच.

‘कापूसकोंड्याची गोष्ट’ २०१४ मध्ये आला, दिग्दर्शिका मृणालिनी भोसले. वडिलांमागं शेतीचा गाडा ओढणाऱ्या बहिणींची ही कहाणी. थोरली बहीण झाली आहे समिधा गुरू, सोबत अमरावतीकडचे भारत गणेशपुरे. या भूमिकेसाठी समिधाला महाराष्ट्र शासनाचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. तरी तुमच्या गल्लीत दहा जणांना तिचं नाव विचारून बघा. गणेशपुऱ्यांना दहाच्या दहा ओळखतील, कारण २०१४ पासून ‘चला हवा येऊ द्या’मधून ते घरोघरी पोचले.

यात गणेशपुऱ्यांचा दोष काही नाही; त्यांनी वऱ्हाडीला महाराष्ट्रभर लाडकं केलं. पण टीव्हीवर वऱ्हाडी लाडकी झाली ती हसवणारी म्हणून. नायिकेनं त्या बोलीत प्रेम करावं, भांडावं, सासूला उत्तर द्यावं, हे क्वचितच बघायला मिळालं. कोल्हापूर-साताऱ्याच्या बोलीला तो मान अधिक मिळाला. ‘तुझ्यात जीव रंगला’ कोल्हापुरात चित्रित झालं, ‘लागिरं झालं जी’ साताऱ्याकडं. मालिका गावात येते तेव्हा कॅमेरा येतो, आणि त्याबरोबर आजूबाजूच्या नाटकवाल्यांना मामी, सरपंच, शिक्षिका अशी कामं मिळतात. साताऱ्याकडच्या कित्येक हौशी कलाकारांचा पहिला चेक असाच आला. मालिकांचे कारखाने मुंबईभोवती आणि पश्चिम महाराष्ट्रात. यवतमाळच्या बाईची गोष्ट तिकडं जाते, बाई इकडंच राहते.

प्रश्न: सिनेमात दोन-चार भूमिका, मालिकेत कुणाची तरी मावशी, अशा नटीचं भागतं कसं? नाव नाही तर पैसा तरी असतो का? (पुसद)

उत्तर: नाव नसलं की पैसाही बेताचाच, हा या धंद्याचा हिशेब आहे.

मालिकेतल्या चरित्र अभिनेत्रीला पगार नसतो, ‘पर डे’ असतो: ज्या दिवशी बोलावणं, त्या दिवसाचे पैसे. महिन्यात किती दिवस बोलावणं येईल हे तिच्या हातात नाही, लेखकाच्याही नाही. ते टीआरपी ठरवतो. मावशीचा ट्रॅक चालला तर वीस दिवस, नाही चालला तर मावशी ‘गावी जाते’ आणि परत येत नाही. केलेल्या कामाचे पैसेही लगेच हातात पडत नाहीत. टीव्हीच्या धंद्यात ९० दिवसांनी पेमेंट ही रूढच आहे. म्हणजे गणपतीत केलेल्या कामाचे पैसे दिवाळी उलटल्यावर. मधल्या काळात खोलीचं भाडं, रिक्षा, आणि पदरच्या साड्या. घरगुती दृश्यांसाठी स्वतःचे कपडे आणायला सांगणारे निर्माते आजही कमी नाहीत.

काम कसं असतं तेही सांगतो. बारा तासांची शिफ्ट. दिवाणखान्याचा सीन असेल तर घरातली दहा माणसं उभी, आणि संवाद चौघांना. उरलेल्या सहा जणांना ‘रिअॅक्शन’. मावशीच्या हातात ट्रे. नायिका बोलली की मावशीचा चेहरा, सासू बोलली की मावशीचा चेहरा. ट्रेमधल्या कपांचे कान प्रत्येक टेकला त्याच दिशेला असले पाहिजेत, नाहीतर कंटिन्युटीवाला सहायक ओरडतो. सहा तास ट्रे धरून तिनं काय केलं, ते प्रेक्षकाला चार सेकंद दिसतं. त्या चार सेकंदांत ज्या बाईचा चेहरा खरा वाटतो, ती पुन्हा बोलावली जाते. अशीच पंचवीस-तीस वर्षं काढलेल्या कितीतरी जणी आहेत. त्यांचा चेहरा बघून आपण ‘अगं ही तीच की’ म्हणतो, आणि पुढं नाव आठवत नाही.

पुरस्कारानं सगळं बदलतं असंही नाही. कोल्हापूरच्या उषा जाधवला ‘धग’साठी २०१२चा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. शिवाजी लोटन पाटील यांच्या त्या सिनेमात ती स्मशानातल्या कामावर जगणाऱ्या कुटुंबातली आई झाली आहे. पुढं रामगोपाल वर्मांच्या ‘वीरप्पन’मध्ये ती वीरप्पनची बायको झाली. २०१९ मध्ये अनंत महादेवन यांच्या ‘माई घाट’साठी गोव्याच्या इफ्फी महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा रौप्यमयूर तिनं मिळवला. देशातले दोन मोठे सन्मान एका मराठी नटीकडं आहेत. तरीही तिचा चेहरा भाजीबाजारात ओळखला जाईल याची खात्री देता येत नाही, कारण ओळख रोज रात्री साडेआठला दिसण्यातून येते, आणि तिचे सिनेमे तालुक्याच्या टॉकीजपर्यंत फारसे पोचलेच नाहीत.

विदर्भातल्याच एका रंगभूमीचा हिशेब मात्र वेगळा आहे. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूर या पट्ट्यातली झाडीपट्टी. यवतमाळ त्या पट्ट्याबाहेर पडतं, पण लांब नाही. दिवाळीनंतर मंडई-शंकरपटाच्या निमित्तानं गावोगावी रात्रभर नाटकं चालतात, होळीच्या सुमाराला हंगाम संपतो. कंपन्यांची कार्यालयं देसाईगंज-वडसाला. नटी ‘नाइट’वर ठरते, आणि हंगामात एकामागून एक नाइट लागतात. २०२३ मध्ये या रंगभूमीचे ज्येष्ठ नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली. तिथली नायिका मुंबईत कुणाला माहीत नसेल, पण त्या पट्ट्यात तिच्या नावावर तंबू भरतो. अनोळखी नटी कुणाला म्हणायचं, हे आपण कुठं उभं राहून विचारतो यावर आहे.

प्रश्न: माझ्या भाचीला नटी व्हायचंय. कॉलेजात एकांकिका करते. घरचे म्हणतात, यवतमाळातून काय होणार. कुठून सुरुवात करावी? (उमरखेड)

उत्तर: जिथं आहे तिथूनच. एकांकिका सोडू नका. संत गाडगेबाबा अमरावती विद्यापीठाच्या युवा महोत्सवात आपल्या जिल्ह्यातल्या कॉलेजांना उतरता येतं. तिथं बाहेरचे परीक्षक असतात, कामाची पहिली निरपेक्ष दाद तिथं मिळते. पुढची पायरी सांस्कृतिक कार्य संचालनालयाची हौशी राज्य नाट्य स्पर्धा. अमरावती, नागपूर, चंद्रपूर या केंद्रांवर तिला उतरता येईल अशी एखादी संस्था शोधा. या स्पर्धेत अभिनयाचं रौप्यपदक मिळालं तर त्याला पुण्या-मुंबईतही किंमत आहे.

शिक्षण घ्यायचं असेल तर पदवीनंतर दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय: तीन वर्षं, पूर्णवेळ, जागा मोजक्या, पण फीपेक्षा गुण बघणारं. पुण्यात विद्यापीठाचं ललित कला केंद्र १९८७ पासून नाट्यशिक्षण देतं, मराठीतून विचार करणाऱ्या मुलीला ते जवळचं वाटेल. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये पडद्यावरच्या अभिनयाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. तीनही सरकारी. शहाजोग जाहिराती करणाऱ्या खाजगी क्लासला लाखभर भरण्याआधी या तिन्हींचे अर्ज भरा.

दोन गोष्टी मामांनी पक्क्या ध्यानात ठेवाव्यात. ऑडिशनला पैसे लागत नाहीत. रजिस्ट्रेशन, पोर्टफोलिओ, कार्ड, कुठल्याही नावाखाली आधी पैसे मागणारा माणूस काम देणारा नसतो. आणि पहिली चाचणी हल्ली मोबाइलवर होते: घरी भिंतीपुढं उभं राहून मिनिट-दोन मिनिटांचा व्हिडिओ करून पाठवायचा. त्यासाठी धामणगावला जाऊन विदर्भ एक्सप्रेस पकडायची गरज उरलेली नाही. बोलावणं आलं तरच गाडी पकडा, आणि पहिल्या खेपेला सोबत कुणीतरी जा.

बोलीबद्दल एकच सांगतो. प्रमाण मराठी तिनं स्वच्छ शिकावी, कारण पोटाची भाषा तीच आहे. पण वऱ्हाडी घासून पुसून टाकू नये. उद्या कुणी पुन्हा पऱ्हाटीतल्या बाईवर सिनेमा काढला, तर त्या भूमिकेवर पहिला हक्क सांगायला यवतमाळची एक तयार नटी हवी.

शेवटी पाचही पत्रलेखकांना आणि जिल्ह्यातल्या वाचकांना एक विनंती. ‘तेरवं’च्या बातम्यांत वैशालीताईंचं नाव आलं, बाकीच्यांचा उल्लेख बहुतेकदा ‘शेतकऱ्यांच्या विधवा’ असा एका दमात उरकला गेला. हौशी नाटकांचं तर याहून वाईट. यवतमाळ, वणी, पुसद, दारव्हा इथं गणेशोत्सवात, गॅदरिंगात, राज्य नाट्य स्पर्धेत ज्या बायांनी कामं केली, त्यांची नोंद कुठल्या पुस्तकात नाही. ती तुमच्या माळ्यावरच्या ट्रंकेत, पिवळ्या पडलेल्या हस्तपत्रिकांवर आहे. त्या रद्दीत घालू नका. मागच्या बाजूला साल, गाव आणि भूमिकेचं नाव लिहा, मोबाइलवर फोटो काढा आणि जवळच्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयात मूळ प्रत नेऊन द्या. आणि पुढच्या प्रयोगाला गेलात, तर पडदा पडल्यावर आत जाऊन नटीचं पूर्ण नाव विचारून या.